साहेबांचं ‘बघतो’

डोक्यावरची टोपी काढायची, ती छातीशी धरायची आणि म्हणायचं, “बघटो.”

ही साहेबांची लकब. ‘बघतो’ हा शब्द त्यांनी आमच्याकडूनच उचलला होता. आपल्याकडे सरकारी कचेरीत कुणी “बघतो” म्हटलं की काय समजायचं, हे तुम्हाला सांगायला नको. काम होणार नाही असं धरून घरी जायचं. साहेबांचाही उभा जन्म लंडनच्या सरकारी कचेरीतच गेला होता, पण त्यांनी “बघटो” म्हटलं की काम झालंच म्हणून समजा.

अमेरिकेतल्या कॅरी गावात आमचा रविवारचा क्रिकेटचा गट आहे. सगळे आयटीतले, कुणी पुण्याचा, कुणी ठाण्याचा, कुणी नागपूरचा. साहेबांची मुलगी इथे लग्न करून राहिलेली. बायको गेल्यावर ते तिच्याकडे आले आणि एका रविवारी मैदानाच्या कडेला हातात काहीतरी लांबुळकं घेऊन उभे राहिले. अनोळखी गोरा म्हातारा, हातात लांबुळकं काहीतरी. आमचा खेळ तिथल्या तिथे थांबला. ती क्रिकेटची बॅट आहे हे दिसल्यावर सगळ्यांच्या जिवात जीव आला.

इंग्रज म्हणून आम्ही त्यांना ‘साहेब’ म्हणू लागलो. अर्थ कळल्यावर त्यांनी जोरजोरात मान हलवली. “छे छे! मी कसला साहेब? साहेब सगळे माझ्या वरच्या मजल्यावर बसायचे.” त्यांच्याकडे रेल्वे फाटकांच्या फायली असत. फाटक कुठे बसवायचं, कधी पाडायचं, लोकांना किती थांबवायचं. शनिवारी कचेरीच्या दुसऱ्या संघातून आठव्या नंबरवर खेळायचे. कधीकाळी नाबाद तेवीस काढले होते आणि त्या खेळीतून आमच्यापैकी एकाचीही सुटका झाली नाही. आमच्याकडे ते अंपायर झाले. बोट वर केलं की बाद झालेल्याला म्हणायचे, “आय अ‍ॅम सो सॉरी.” आणि खरंच वाईट वाटल्यासारखा चेहरा करायचे.

आता भीतीचं सांगतो. मी मुळातच भित्रा. बायको म्हणते, तू सावलीलाही सॉरी म्हणशील. ग्रीन कार्डच्या रांगेत केस पांढरे झालेत. मागे पोलिसांची गाडी दिसली की काही केलेलं नसतानाही माझे तळहात ओले होतात. त्यात मैदानाच्या कुंपणाला लागून एक घर, आणि कुंपणावर पाटी: आत पाऊल टाकाल तर गोळी झाडीन. चेंडू तिकडे गेला की आम्ही त्याला रामराम करायचो आणि नवा काढायचो.

अक्षय नागपूरहून नुकताच आला होता. चेंडू कुंपणापलीकडे गेला आणि आम्ही नवा शोधू लागलो, तर तो म्हणाला, “अबे, तो काय समोर दिसून राहिला ना! आणतो ना मी.” आणि कुंपणावरून उडी मारली. लहानपणी शेजारच्या आवारात जायचं, काकू ओरडल्या की पळायचं, एवढंच त्याला माहीत. “अक्षय, मागे फिर!” आम्ही सगळे एकदम ओरडलो. तो हसत चेंडू दाखवू लागला.

मागच्या दारातून एक माणूस बाहेर आला. त्याच्या हातात बंदूक होती. ती अक्षयकडे रोखलेली होती.

मी तोपर्यंत बंदूक फक्त पडद्यावर पाहिली होती. अक्षयने हात वर केले. एका हातात चेंडू तसाच होता. तो भारतातून निघताना त्याच्या आईने मला फोनवर सांगितलं होतं, “भाऊ, लक्ष ठेवजा पोरावर.” ते आठवलं, तरी माझे पाय जागचे हलले नाहीत. कुणाचेच हलले नाहीत.

“बघटो,” शेजारून आवाज आला.

टोपी छातीशी धरून साहेब कुंपणाच्या फाटकाशी चालत गेले. घाई नाही. आत मात्र पाऊल टाकलं नाही. “गुड मॉर्निंग,” ते म्हणाले. “तो मुलगा आमचा आहे. त्याला फाटक दाखवायला हवं होतं. चूक माझी.” तो माणूस त्यांच्याकडे बघत राहिला. मग नळी हळूहळू खाली गेली. अक्षय फाटकातून बाहेर आला आणि गवतावर मटकन बसला.

मी साहेबांना थर्मासमधला चहा दिला. “साहेब, तुम्हाला भीती नाही वाटली?”

“प्रचंड,” ते म्हणाले. “पण या कामाला लागणारा चेहरा माझ्याकडे आहे, तुमच्याकडे नाही. हे बरोबर नाही.” मला त्यांची माया वाटली आणि स्वतःचा रागही आला.

त्यानंतर तिकडचा चेंडू साहेबच आणायचे. रस्त्याने वळसा घालून पुढच्या दाराशी जायचं, एकदाच बेल वाजवायची, तीन पावलं मागे यायचं, टोपी काढायची, दोन्ही हात दिसू द्यायचे. आम्ही ते दुरून श्वास रोखून बघायचो. कधीकधी त्यांना परतायला फार वेळ लागायचा. काय बोलत होता, असं विचारलं तर म्हणायचे, “फाटकांविषयी.”

या हिवाळ्यात साहेब गेले. झोपेतच.

मोसमाच्या पहिल्याच रविवारी चेंडू कुंपणापलीकडे गेला. “जाऊ दे यार, नवा काढ,” कुणीतरी म्हणालं. पण तो माणूस बाहेर आला होता. त्याने चेंडू उचलला, आमच्याकडे पाहिलं आणि घरात गेला. अक्षयने तोंड फिरवलं. सगळ्यांत वयाने मोठा मीच उरलो होतो.

“बघतो,” मी म्हणालो. आवाज माझा वाटत नव्हता.

बेल वाजवली. तीन पावलं मागे आलो. टोपी काढली, हात पसरले. चेंडू मागायचं वाक्य मनात घोकत होतो. आतून पावलं वाजली आणि निघण्याआधी घरी बायकोला फोन करायला हवा होता असं वाटलं.

दार उघडलं. तो माझ्या खांद्यावरून पलीकडे रस्त्याकडे बघत म्हणाला, “म्हातारा कुठाय?”

घोकलेलं वाक्य विसरलो. “ते गेले,” म्हणालो. “हिवाळ्यात.”

“म्हणाला होता मला, एक दिवस त्यांच्यातला दुसरा कुणी येईल म्हणून,” तो म्हणाला. “तेव्हा बंदूक न घेता दार उघडीन, असं माझ्याकडून वदवून घेतलं होतं.”

त्याच्या एका हातात आमचा चेंडू होता. दुसरा पंजा त्याने मला दिसेल असा उघडून धरला होता.