वाईच नावाचं माप

कोल्हापुरात 'वाईच' म्हणजे थोडंसं, असं कुणी सांगायला लागलं की मी अजून भांडायला उठते. वाईच हे माप आहे. मीटर, लिटर, किलोसारखंच, फक्त जादूच्या राज्यातलं. ते राज्य नव्वदच्या दशकात माझ्या आक्कानं आणि मी एका सरकारी कचेरीतल्या बाकावर बसून वसवलं, त्यामुळं याबाबत माझाच शब्द शेवटचा.

बाकावर बसायचं कारण साधं होतं. बारावीनंतर आक्काला पुण्यात नर्सिंगला जागा मिळाली होती आणि रहिवासी दाखला वेळेत दिला नाही तर ती जागा जाणार होती. वडील शिरोलीच्या फौंड्रीत, त्यांना रजा नाही. आई लोकांच्या घरी स्वयंपाकाला. मग सोबत म्हणून मी, आठवीतली, तोंडाळ आणि शाळा बुडवायला एका पायावर तयार.

घोळ असा की आक्काचा जन्म आजोळी, निपाणीजवळ, म्हणजे कर्नाटकात झालेला. तिथून ती महाराष्ट्रात परत आली की नाही, याची भाऊसाहेबांना शंका होती. भाऊसाहेब म्हणजे तिथले कारकून. ती त्यांच्यासमोर उभी राहून अस्सल कोल्हापुरी आवाजात बोलत होती, पण तो पुरावा धरत नाहीत. ते रोज म्हणायचे, वाईच थांबा. आणि आमचा दिवस जायचा.

मग आम्ही वेळ घालवायला राज्य काढलं. तिथं एका बेडकाला माणूस व्हायचं होतं. मंत्र तयार होता, जादूगार तयार होता, पण बेडकाचा जन्म एका विहिरीतला आणि राहणं दुसरीत, त्यामुळं त्याची फाइल अडलेली. शिवाय तिथल्या कायद्यानुसार जादूची कांडी बरोबर एक हात लांब लागायची, आणि हात राजाचा. राजा होता सात वर्षांचा, वाढत्या अंगाचा. दर दिवाळीला त्याचा हात नव्यानं मोजायचे आणि राज्यातल्या सगळ्या कांड्या आखूड ठरायच्या. सगळे जादूगार जोड लावून घ्यायला रांगेत, आणि जादू बंद. मी हसून हसून बाकावरून घसरायचे आणि शिपाई डोळे वटारायचा.

वेळेचं माप अर्थातच वाईच. त्याचा सिद्धांत आक्काचा. ती म्हणायची, वाईच किती मोठं ते म्हणणारा बसलाय की उभा, यावर ठरतं. बसलेल्या माणसाचं वाईच फुगतं. वर पंखा असेल तर आणखी फुगतं, आणि हातात चहाचा कप आला की ते मोजायच्या पलीकडं जातं. उभ्या माणसाचं मात्र एवढंसं. एसटीचा कंडक्टर वाईच सरका म्हणतो तेव्हा माणूस लगेच सरकतो, कारण कंडक्टर उभा असतो. मला हे इतकं पटलं की मी घरी वडिलांनाही उभं राहून बोलायला सांगितलं. दिवसभर भट्टीपुढं उभं राहून आलेला माणूस तो. त्यांनी जे उत्तर दिलं ते इथं लिहिण्यासारखं नाही.

शेवटी मुदतीच्या आदल्या दिवसापर्यंत आलो. भाऊसाहेब पंख्याखाली, हातात कप. त्या दिवशीही वाईच थांबा झालं. आक्का बाकावरून उठली आणि टेबलापुढं गेली.

"भाऊसाहेब, तुमी वाईच हुभं ऱ्हाता का?"

"का गं?"

"तुमी बसून वाईच म्हनलं की आमचा दिवस जातोय. एकदा हुभं ऱ्हाऊन म्हनून बघा की."

मागच्या टेबलावर कुणीतरी फिसकन हसलं. मला वाटलं, गेली जागा. भाऊसाहेबांनी आक्काकडं पाहिलं, कप ठेवला आणि खरंच उठले. माणूस अंगानं भरदार, त्यामुळं खुर्चीही थोडी त्यांच्याबरोबर उठली. उठल्यावर पुढं काय करायचं ते त्यांना कळेना. सगळ्यांदेखत लगेच परत बसणं बरं दिसलं नसतं. मग त्यांनी आक्काचा कागद उचलला, साहेबांच्या खोलीत जाऊन "वाईच सही" म्हणाले आणि लगोलग बाहेर आले. शाई अजून ओली होती.

आक्का नाचायचीच बाकी होती. मी रडायला लागले. ती जाणार हे मला कधीपासून माहीत होतं, पण ती सही बघेपर्यंत खरं वाटलं नव्हतं. तिला दाखला मिळावा असंही मला वाटत होतं आणि तिनं जाऊ नये असंही. एका अंथरुणात झोपायचो आम्ही. आता बेडकाचं पुढं काय झालं हे मी कुणाला विचारणार होते?

"आता ह्या बारकीला काय झालं?" भाऊसाहेब उभ्यानंच म्हणाले. "काम झालं की. जावा घरी."

आक्कानं दाखला पिशवीत ठेवला आणि माझ्याजवळ येऊन अगदी खेटून बसली.

"जातो की," ती म्हणाली. "वाईच बसतो."

संध्याकाळी शिपाई कुलूप घेऊन आला, तेव्हा आम्ही उठलो.