एक्केचाळीस पानांचा नारळ

गुणाजी सर मला पहिल्यांदा दिसले ते माडवाडीच्या पावणीला. पूजा आटोपली की देवापुढच्या नारळ-केळ्यांचा लिलाव होतो, त्याला आम्ही पावणी म्हणतो. त्या दिवशी एका नारळावरून दोन भाऊबंद असे पेटले की बंदरातल्या होड्यांनी नांगर उचलले, पार गोव्यात लोक घराबाहेर आले आणि खुद्द सत्यनारायणाने तसबिरीत डोळे मिटून घेतले. या प्रलयात खांबाला टेकून एक काटकुळा माणूस प्रत्येक बोली वहीत टिपत होता. मला वाटलं, आयकर खात्याने अखेर देवळालाही गाठलं. मी घाबरून माझी एकवीस रुपयांची बोली मागे घेतली.

सर कुडाळच्या एका कॉलेजात अर्थशास्त्र शिकवून निवृत्त झालेले. एकवीसशेला गेलेला तो नारळ त्यांनी परदेशी नियतकालिकात एक्केचाळीस पानांचा करून छापला. क्रिकेटचे संघ खेळाडूंना अवाच्या सवा पैसे का मोजतात, हा विषय. सरांचं उत्तर असं की चारचौघांत एकदा बोली लावली की माणूस वस्तू विकत घेत नसतो, ती समोरच्याला मिळू नये याचे पैसे मोजत असतो. लेखात नारळाचं नाव ‘वस्तू क्ष’ ठेवलं होतं. सरांनी ती पानं मला समजावली तेव्हा मी हात जोडले. आजवर इतके नारळ खाल्ले, एकातही सिद्धांत निघाला नाही.

गेल्या वर्षी होडी हाकणारा तांडेल आणि माडवाडीच्या संघाचा कारभारी बाबली त्यांच्या पडवीत आला. आमच्याकडच्या टेनिस चेंडूच्या क्रिकेट स्पर्धेतसुद्धा खेळाडूंचा लिलाव होतो, प्रत्येक संघाला साठ हजारांची मर्यादा. माडवाडीने सहा वर्षांत चषक पाहिला नव्हता. चाळीस होड्यांनी वर्गणी काढून बाबलीला बजावलं होतं, यंदा चषक नाही तर पुढे संघच नाही.

“सर, फोंडाघाटचो निकेत व्हयो. तो इलो की झाला,” बाबली म्हणाला.

“तो सगळ्यांकाच व्हयो. म्हणानच आपणाक नको.” सरांनी चिठ्ठीवर एक आकडा लिहून तिची घडी बाबलीच्या खिशात घातली. “निकेत विकलो गेलो की उघड.”

लिलावात निकेतचं नाव पुकारलं आणि खडपवाडीच्या संघाचा मालक धनेश बाजाराच्या संघाशी भिडला. दहा, वीस, तीस हजार. बाबलीचा हात वर जाऊ लागला. सरांनी मनगट पकडलं. वादळात सुकाणू न सोडलेला तो हात, खडू धरणाऱ्या बोटांनी टेबलाखाली दाबून ठेवला होता.

“काय रे बाबल्या,” धनेशने हाक मारली, “माडवाडीचे मासे आटले काय?”

मंडप हसला. बाबलीचे कान लाल झाले.

“सर, सोडा. आवशीची शप्पथ, एकच बोली.”

“तो पावणीचो नारळ आसा. गप रव.”

निकेत सेहेचाळीस हजारांना गेला. बाबलीने चिठ्ठी उघडली. सेहेचाळीस. त्याने ती कपाळाला लावली, मग मला दाखवली. अमावस्या-पौर्णिमेची भरती सांगणारे मी पुष्कळ पाहिलेत, पण धनेशच्या डोक्यातली भरती मिनिटासह सांगणारा हा एकच.

उरलेल्या चौदा हजारांत धनेशला दहा जण घ्यायचे होते. त्याने कोण कोण घेतले ते पाहवत नव्हतं. एक तर चष्मा विसरून आला होता. सरांनी मात्र साठ हजारांत अकरा भरवशाचे गडी गोळा केले, कुणाचंही नाव कधी छापून न आलेले. माडवाडी पहिला सामना जिंकली, दुसरा जिंकली, उपांत्यही जिंकली. होडीला कुठला रंग द्यायचा हेसुद्धा लोक सरांना विचारू लागले. मी तर त्यांच्यासमोर बाजारात भाव करायचाच सोडून दिला.

अंतिम सामना खडपवाडीशी झाला. निकेतने एकट्याने एकवीस चेंडूंत सत्तर धावा काढल्या. यंदा माडवाडीत वर्गणी निघाली नाही.