दोघांच्या हातातला श्वास

मन घाबरलं की माणूस कोणाकडे तरी काहीतरी मागतो. मला मात्र मागावंसं वाटलं की त्याचीच लाज वाटत असे. शहापूरजवळच्या आमच्या गावातल्या विहारात पौर्णिमेची वंदना मी घेतो. नंतर सगळ्यांना डोळे मिटून आनापानाला बसवतो. येणारा-जाणारा श्वास नुसता बघायचा, त्याला ढकलायचं नाही, ओढायचं नाही. लोकांना वाटतं, याचं मन किती स्थिर. खरं तर डोळे मिटले की माझ्या मनात काळज्यांची जत्रा भरते, आणि शेवटी ‘भवतु सब्ब मंगलं’ म्हणताना आपण या भोळ्या माणसांना फसवतो आहोत असं वाटत राहतं.

माझी मुलगी प्रज्ञा मुरबाडकडच्या एका गावात दिली आहे. जावई सायमन ख्रिस्ती. दोघांनी आपल्या मनाने ठरवलं, आम्ही कोणी आडवे आलो नाही. लग्न नोंदणीने झालं. त्या दिवशी विहीणबाईंनी, मार्थाताईंनी, आमचा मान राखायचा म्हणून प्रार्थना केली नाही, आणि त्यांचा मान राखायचा म्हणून मी त्रिशरण म्हटलं नाही. पुढे तोच रिवाज पडला. आम्ही त्यांच्याकडे गेलो की त्या जेवणाआधी हात जोडत नसत; त्या आमच्याकडे आल्या की मी सकाळची वंदना मनातल्या मनात उरकत असे. याला आम्ही दोघंही समजूतदारपणा म्हणत होतो.

गेल्या वर्षी भातकापणीच्या दिवसांत प्रज्ञाचा सकाळीच फोन आला. सायमन राखणीला खळ्यावर झोपला होता. उठला तेव्हा त्याच्या पापण्या उघडेनात. आधी झोपेची गुंगी वाटली, मग बोलताना जीभ जड झाली, आणि पेंढ्याखाली मण्यार सापडली. “बाबा, त्याला श्वास घेता येत नाय,” एवढंच ती म्हणाली. हे लिहायला जड जातंय, पण त्या क्षणी माझ्या मनात पहिली गोष्ट आली ती अशी, की चावली ती माझ्या मुलीला नाही. पुढच्या क्षणी मी स्वतःलाच भ्यालो. किन्हवलीच्या रस्त्याने मोटारसायकल चालवताना, मागे बायको रडत असताना, माझ्या तोंडून “देवा, वाचव” निघालं. निघालं आणि लगेच वाटलं, कोणाला हाक मारली मी? जन्मभर जे नाकारलं त्याला? आणि तेही असल्या मनाने?

मुरबाडच्या दवाखान्यात सापावरचं औषध चालू झालं होतं. सायमनच्या घशात नळी घातली होती आणि नळीला एक रबरी पिशवी. ती पिशवी हाताने दाबली की त्याची छाती वर यायची. दाबली नाही तर छाती तशीच पडून राहायची. श्वासाचं यंत्र असलेली गाडी ठाण्याहून निघाली होती. ती येईपर्यंत पिशवी थांबता कामा नये. प्रज्ञाला सातवा महिना होता. बायको तिला घेऊन बाहेर बसली. सायमनचे वडील नाहीत. नर्सबाईंना दुसरेही रोगी होते. उरलो मी आणि मार्थाताई.

मी पिशवी हातात घेतली आणि घाबरून भराभर दाबू लागलो. नर्सबाई ओरडल्या, “काका, सायकलीत हवा भरताय का? हळू. छाती वर येऊ द्या, खाली बसू द्या, मग परत.”

मार्थाताई खाटेच्या पलीकडे उभ्या होत्या. त्या हलक्या आवाजात म्हणाल्या, “दादा, तुमचं ते श्वासाचं करा ना. तुमाला येतं ते.”

मला ते येतं? मान खाली घालून मी माझा श्वास शोधू लागलो. तो छातीत अडकून बसला होता. तो आत आला की दाबायचं, बाहेर गेला की सोडायचं, एवढंच धरलं. मन पळायचं, गाडी कुठे असेल, मुलीचं कसं होईल; पण पळून जाण्याची सोयच नव्हती. विहारात मन भटकलं तर कोणाला कळत नाही. इथे भटकलं तर समोरची छाती वर येणार नव्हती.

हात भरून आले की मार्थाताई घेत. त्यांचे ओठ अगदी थोडे हलताना दिसत. मी समजलो, बाई प्रभूचं नाव घेतायत, प्रत्येक दाबाला एक. मला त्यांचा आधार वाटला, थोडा हेवाही. त्यांना हाक मारायला कोणीतरी होतं. माझी पाळी आली की मी त्यांच्या ओठांकडे बघून ठेका धरायचो. मोठ्याने काही म्हणावं असं दोनदा मनात आलं, पण आपली पाली भाषा त्यांच्या प्रार्थनेत नको घुसायला, म्हणून गप्प बसलो. खिडकीतलं ऊन खाटेच्या पायावरून भिंतीवर चढलं. आम्ही एकमेकांशी बोललो ते “द्या आता” आणि “घ्या” एवढंच.

गाडी आली. यंत्राने श्वास हातात घेतला तेव्हा माझी बोटं मिटलेलीच राहिली, उघडेनात. मार्थाताईंनी ती एकेक करून सरळ केली.

सायमन वाचला. ठाण्याहून घरी आला त्याच्या दुसऱ्या दिवशी आम्ही भेटायला गेलो. मार्थाताईंनी तांदळाच्या भाकऱ्या आणि वालाचं बिरडं केलं होतं. मी त्यांना म्हटलं, “ताई, त्या दिवशी तुमच्या प्रार्थनेवरच माझा हात चालला.”

त्यांनी भाकरी तव्यावरच सोडली. “कसली प्रार्थना दादा? येक शब्द सुचला नाय मला. भीतीनं प्रभूचं नाव पण आठवंना. ओठ थरथरत व्हते निस्ते. तुमी ध्यान लावून उभे, म्हणून म्हटलं, माझं नाय तर नाय, यांचं तरी चाललंय.”

“माझं ध्यान?” मी म्हणालो. “मी तर तुमच्याकडे बघून हात चालवत होतो.”

भिंतीला टेकून बसलेला सायमन हसला. आवाज अजून घोगरा होता. “मला सगळं आयकू येत होतं. पापणी हालत नव्हती, पण कान चालू. म्हटलं, हे दोघं येक अक्षर बोलत नाय, माझ्या खाटेवर भांडलेत की काय? मग तुमच्या दोघांचा श्वास आयकत पडलो. तो चालू हाय म्हणजे मी पण हाय.”

मार्थाताईंनी पदर डोळ्यांना लावला. भाकरी करपल्याचा वास आला तरी कोणी उठलं नाही.

त्या खोलीत प्रार्थना नव्हती आणि ध्यानही नव्हतं, होती ती दोन भ्यालेली माणसं. मग आम्हाला धरून कोण उभं होतं? मार्थाताई म्हणतात, प्रभू शब्दांसाठी अडून बसत नाही. मी म्हणतो, मी पहिल्यांदाच श्वासाला ओढलं-ढकललं नाही, कारण त्यावर माझी मालकी चालतच नव्हती. आम्ही वाद घालत नाही. जे मागायला मला लाज वाटत होती ते धड न मागताच हातात आलं, आणि तेही तसल्या मनाच्या माणसाच्या हातात. यापुढे मी कृतज्ञच राहू शकतो. मन अजूनही भितं. भ्यालं की मी आता स्वतःला दोष देत बसत नाही. जो श्वास येतो तो येऊ देतो.

त्या दिवशी ताटं वाढली आणि सवयीने आम्ही दोघंही गप्प बसलो. सायमन म्हणाला, “आता तरी बोला काय ते. मोठ्यानं बोला, मला आयकायचंय.”

मार्थाताईंनी हात जोडले आणि डोळे मिटले. त्यांचं आमेन झाल्यावर मी त्रिशरण म्हटलं. वाल निवले होते. आम्ही ते तसेच, सावकाश जेवलो.