काळ्या चौकोनाची वरची कड

आमचे हे जन्मभर भिंती रंगवत आले. उजवा खांदा धरलाय हे मला कधीचं दिसत होतं, पण विचारलं की उत्तर ठरलेलं. "कुठे काय? झोपेत अवघडला असेल." ब्रश खाली ठेवला की माणूस संपला, हे त्यांच्या डोक्यात पक्कं. मीही बोलून बोलून थकले होते. पालथ्या घड्यावर पाणी.

तशात ती सिनेमावाली पोरगी आली. पाडायला काढलेल्या इमारतीत, ओल आलेल्या भिंतीवर तिला माणसापेक्षा उंच काळा चौकोन हवा होता. तो हळूहळू कसा नाहीसा होतो, तेवढंच ती दर आठवड्याला येऊन टिपणार. त्यात माणूस नाही, बोलणं नाही. मी म्हटलं, असला सिनेमा आमच्या न्हाणीघरात फुकट चालू आहे.

ह्यांनी शिडीवर एक पायरी जास्तच चढून चौकोन काढला. कडा अशा सरळ की बघत राहावं.

खोलीची किल्ली ह्यांच्याकडेच असायची. काही महिन्यांत चौकोनाचे पोपडे निघाले आणि आपलं काम सडताना ह्यांना बघवेना. एके सकाळी गुपचूप जाऊन पुन्हा रंगाचा हात देऊन आले. जित्याची खोड, दुसरं काय.

दुसऱ्या दिवशी पोरगी कॅमेरा घेऊन आली तेव्हा मी ह्यांचा डबा घेऊन तिथेच होते. भिंत बघून ती मटकन खाली बसली.

"काका, हा जायलाच तर हवा होता."

ह्यांचं तोंड एवढंसं झालं. मग ती उठून जवळ गेली. खालचा भाग काळाभोर, वरचे पोपडे मात्र तसेच.

"वरचं मुद्दाम सोडलंत ना? कितीही सावरलं तरी पुरतं सावरता येत नाही. काका, हाच माझा शेवट."

"हो," हे म्हणाले. "मुद्दामच."

त्या दिवशी तिथे शिडी नव्हती. ह्यांच्या खांद्यापर्यंत रंग होता, आणि तिथे तो वाकडातिकडा होऊन थांबला होता. मला रडू आलं. मी डबा उघडून दोघांना जेवायला बसवलं.

येताना हे खुशीत होते. "बघितलंस? शेवट माझा घेतला तिने."

"छान झालं," मी म्हटलं.

संध्याकाळी मी स्वयंपाकघरातल्या वरच्या फळीवरचे डबे एकेक करून खाली मांडले. हे दारात उभे राहून बघत होते.

मग म्हणाले, "चहाचा डबापण खालीच ठेव."