पाचव्या फेऱ्याची वाट

गेल्या वर्षीच्या मार्गशीर्षातला दुसरा गुरुवार, दुपारचे बारा वाजायला पाच मिनिटं कमी. ताटाखाली ठेवलेली रक्कम सव्वा रुपया: एक नाणं रुपयाचं आणि एक चलनातून गेलेली पावली, जी आमच्या घरात फक्त या कामासाठी जपली आहे. हजर माणसं चार. खाटेवर माझी मुलगी, पहिल्या बाळंतपणाला माहेरी आलेली. तिच्या उशाशी माझी बायको. खाली काशाचं ताट घेऊन बसलेली माझी चुलती. आणि उंबऱ्याबाहेर मी.

डॉक्टरांनी दिलेली तारीख बारा दिवस पुढची होती. कळा त्या दिवशी सकाळीच सुरू झाल्या. धारूरची रुग्णवाहिका दुसऱ्या बाईला घेऊन गेली होती, म्हणून सिरसाळ्याकडची निघाली. पन्नास मिनिटं लागतील, असं फोनवर सांगितलं. गावातल्या दोन्ही जीप वऱ्हाड घेऊन बाहेर होत्या. मी साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर कारकून आहे. हाताशी असलेल्या उसाच्या पावतीच्या पाठीवर मी कळांच्या वेळा लिहीत होतो. दर चार मिनिटांनी एक येत होती.

अशा वेळी आमच्याकडे चक्रव्यूह काढतात. ताटात कुंकवाच्या पाण्यानं, डाळिंबाच्या काडीनं सात फेरे काढायचे. मधल्या ठिपक्यापासून बाहेरपर्यंत एकच वाट मोकळी ठेवायची. बाळंत होणाऱ्या बाईनं ती वाट नजरेनं चालून बाहेर यायचं, मग ताट धुऊन ते पाणी प्यायचं. वाट कुठं बंद राहिली तर ते पाणी तिला पाजत नाहीत. आत गेलेला जीव आतच कोंडतो म्हणतात. गावात या आकृतीला बायका सापाइतक्या जपून असतात. काढताना बोलत नाहीत, ताट ओलांडत नाहीत. चुलती म्हणायची, शंभरावर बाळंतपणं तिच्या ताटातून गेली. मी एकदा तिला नावं घ्यायला लावून मोजली होती. त्रेचाळीस भरली.

तिनं ताट मुलीसमोर धरलं. मुलगी डोळे बारीक करून फेरे चालू लागली. मला ताट उलट्या बाजूनं दिसत होतं. आकडा समोर आला की ताळा करायचा, ही माझी सवय. मी बाहेरून आत निघालो आणि पाचव्या फेऱ्याला अडलो. कुंकवाचा एक ओघळ वाटेवर आडवा वाळला होता.

मी बोललो. बोलायला नको होतं, हे मला त्याच क्षणी कळलं.

"काकू, पाचव्या फेऱ्याला वाट बंद हाय."

चुलतीनं ताट डोळ्यांजवळ नेलं, लांब धरलं, पुन्हा जवळ नेलं.

"अंदाजानं म्हनायलास का मोजून?"

"मोजून."

"काट्यावर गाडीमागं क्विंटल मारत्यात ते दिसत न्हाई तुला," ती म्हणाली. "हितं बरं दिसलं."

मुलीनं माझ्याकडं पाहिलं. "पप्पा, म्हंजे आता हे बाहेर येनार न्हाई का?"

"आसं काई नसतं गं," बायको म्हणाली, आणि माझ्याकडं बघून, "तुमी जावा बरं तिकडं. गाडीची वाट बगा."

पावतीवर शेवटची कळ बारा चारची आहे. बारा आठला काही आलं नाही. बारा बारालाही नाही. बारा सोळालाही नाही. मुलगी भिंतीकडं तोंड करून दोन्ही हातांनी पोट धरून पडली होती. आई पाठ चोळत होती, तरी ती श्वास पुरा सोडत नव्हती. मी आत जाऊन तिला सांगितलं की तो नुसता ओघळ आहे. इतकी वर्षं ती माझ्या मोजणीवर विश्वास ठेवत आली होती. आता मीच सांगितलेलं मला मागं घेता येत नव्हतं.

चुलती उठली. ताटात तांब्यातलं पाणी ओतलं, बोटानं सातही फेरे पुसले.

"काकू, फेकून द्या ते," मी म्हणालो.

"कोंडल्यालं भुईवर टाकत न्हाईत. ज्यानं कोंडलं त्यानं प्यायचं आसतंय." मग मुलीला म्हणाली, "ए, हिकडं बग. तुज्यावरचं मी घेतलं. माजं काय, माजी वाट सरतच आली. बग म्हनते ना!"

मुलीनं मान वळवली. सत्तर वर्षांची बाई ते तांबडं पाणी काठाला तोंड लावून सगळं प्यायली, आणि तिनं ताट पालथं घालून दाखवलं. मुलगी रडायला लागली, मोठ्यानं, लहानपणी रडायची तशी. बारा बावीसला कळ आली. पुढची तीन मिनिटांनी.

बारा पस्तीसला गाडी आली. तालुक्याच्या सरकारी दवाखान्यात दोन वाजून दहा मिनिटांनी तिला मुलगी झाली, वजन दोन किलो सहाशे. मी डॉक्टरांना पावती दाखवली. भीतीनं कळा थांबतात, असं ते म्हणाले. मला ते पटतं. पण भीती मी घातली होती आणि ती काढली चुलतीनं, त्याच ताटानं. हा हिशोब मी कसाही मांडला तरी माझ्या बाजूला काही जमा होत नाही.

चुलतीला काही झालं नाही. मात्र तिनं पुन्हा काडी हातात धरली नाही. माघात शेजारच्या घरून बोलावणं आलं, तेव्हा तिनं डोळ्यांचं कारण सांगितलं. डोळे दाखवायला चल म्हटलं तर म्हणाली, "आता बगून काय करायचं?"

व्यूह काढणारीला बाळाच्या बाराव्या दिवशी खण, नारळ आणि एकवीस रुपये द्यायची रीत आहे. मी घेऊन गेलो. तिनं हात पुढं केला नाही. "मी कोंडलं. मोकळं केलं त्या दवाखान्यातल्या बाईनं. तिला दे."

पुढच्या सोमवारी मी दवाखान्यात गेलो. बाळंतपणाच्या दिवशी कामावर असलेली सिस्टर आधी नको म्हणाली. सगळं ऐकल्यावर तिनं खण आणि नारळ घेतला, आणि एकवीसमधला वरचा एक रुपया. वीस रुपये मी परत आणले. चुलतीला काहीही दिलं गेलं नाही.