बिरादार सरांच्या संचातलं एक पान

जुनी पत्त्यांची पानं जमवणाऱ्या आम्हा मंडळींत लातूरच्या बिरादार सरांचा शब्द शेवटचा असे. पान उलटसुलट करून, नाकाशी धरून ते 'मूळचं' किंवा 'मागाहूनचं' एवढंच सांगत. सर गेले त्याला वर्ष झालं. त्यांचे शिष्य मिलिंद गायकवाड नांदेडला सरांच्या नावानं संग्रहाची खोली उघडताहेत. तिथल्या पाट्यांचा मजकूर मी लिहायचा ठरला, म्हणून पुण्याहून रात्रीच्या गाडीनं निघालो.

गायकवाड कॉलेजात ग्रंथपाल आहेत. खोलीच्या दारावर त्यांनी सरांचं वाक्य रंगवून घेतलंय : 'मागाहूनचं पान संग्रहात नको.'

"मुख्य वस्तू मात्र लातूरला, सरांच्या घरी काकूंकडे," ते म्हणाले. "तेलंगणातल्या निर्मळचा दशावतारी गंजिफांचा, म्हणजे जुन्या गोल पत्त्यांचा संच. एकशेवीस पानं, सगळी मूळची. तुम्ही मागून बघा."

"तुम्ही का नाही मागत?"

"मागितला की म्हणतात, आधी खेळायला ये. सांगा, असला संच खेळून वापरायचा असतो का?"

नांदेडहून लातूरला एसटी भरपूर आहेत. साडेतीन-चार तास धरा. सकाळी निघालात तर उजवीकडची खिडकी घ्या, डावीकडे ऊन भाजतं. अहमदपूरला चहा मिळतो, चाकूरनंतर रस्ता बरा आहे. लातुरात स्टँडजवळ निलंगा राईस खाल्ला. तिखट आहे, पण एका प्लेटीत दोघांचं भागतं.

सरांच्या घरी काकू आणि शेजारच्या शकुंतलाबाई चादरीवर गोल, लाखेची पानं मांडून बसल्या होत्या.

"बरं झालं आलात," काकू म्हणाल्या. "ह्याला तीन माणसं लागतात, अन् आमची तिसरी लेकीकडं गेलीय. बसा."

"काकू, मी संचाबद्दल बोलायला..."

"आधी चाळीस पानं उचला."

हाताचा घाम लागू नये म्हणून मी रुमालानं पान उचललं.

"त्याला काय ताप आलाय का?" शकुंतलाबाईंनी विचारलं.

मला खेळ कळेना. दहा अवतारांचे दहा रंग, त्यांतल्या काहींत दश्शा मोठा, काहींत एक्का. डावाची पहिली उतारी दिवसा रामाची, रात्री कृष्णाची. मी दश्शा जपून ठेवायचो आणि नेमका तो सगळ्यात लहान निघायचा.

"पुण्याचे ना तुम्ही? लई शिकलेले दिसता," शकुंतलाबाई म्हणाल्या आणि माझं पान ओढून घेतलं.

डाव संपल्यावर मी विषय काढला.

"न्या की," काकू म्हणाल्या. "पण त्यातलं एक पान ह्यांनी केलेलं हाय."

"सरांनी?"

"हाव. एक पान हरवलं, डाव अडला. ह्यांनी लग्नपत्रिकेचे पुठ्ठे चिकटवले, रंग दिला, लाख फिरवली. दुसऱ्या दिवशी डाव सुरू."

"कोणतं पान?"

"आता मला तरी कुठं ओळखू येतं? मिलिंदला म्हणावं, तू ये, खेळ, अन् घेऊन जा."

संध्याकाळी स्टँडवरून गायकवाडांना फोन करून हे सांगितलं. ते म्हणाले, "सरांनीच केलं असेल, तर आम्ही त्यांच्या शब्दावर घेतलेल्या पानांचं काय? अन् दारावर काय ठेवू?" परतीच्या गाडीत मी निघताना मोबाइलवर काढलेले त्या संचाचे फोटो मोठे करकरून पाहत राहिलो. कधी पंचवीस पानं संशयास्पद वाटायची, कधी एकही नाही.

घरी येऊन पंधरवडा झाला आणि गायकवाडांचा फोन आला, लातूरहून.

"संच देऊन राहिल्या काकू. पण दर महिन्याला इथं आणून खेळायचा, अशी अट आहे."

"आणि ते पान?"

"ओळखलं. माझ्याच हातात आलं. त्याच्यावरच हात जिंकला मी."

"कोणतं?"

"ते नका विचारू. पाटीवर एकशेवीस पानं लिहा."

"मूळची?"

मागून काकूंचा आवाज आला, "मिलिंद, पान टाक की रे! फोनवर काय खेळतोस?" फोन बंद झाला.

दारावरचं वाक्य त्यांनी पुसलंय की ठेवलंय, मला माहीत नाही. पाटीवर मी 'एकशेवीस पानं' लिहिलं आणि 'मूळची' हा शब्द गाळला. सरांना हे चाललं असतं का, यावर मी रोज वेगळं मत बनवतो. पाटी मात्र काल पाठवून दिली.