धुऱ्यावरच्या दगडाचे दोनशे फोटो

राळेगावजवळच्या घनश्यामरावांना कोणी धंदा विचारला, तर ते शेती सांगतात. ते खरं नाही. शेती ते फावल्या वेळात करतात; मुख्य धंदा भांडण. एसटीच्या कंडक्टरपासून सख्ख्या जावयापर्यंत कुणालाही त्यांनी उपाशी ठेवलेलं नाही. पण चहासारखं रोज लागणारं भांडण एकच, शेजारच्या वावरातल्या चुलतभावाशी, गोपाळशी.

कारण धुऱ्यावरचा, म्हणजे बांधावरचा दगड. इकडे घनश्यामरावांची कपाशीची पराटी, तिकडे गोपाळची तूर, मध्ये आजोबांनी रोवलेला हा दगड.

"दादा, दगड माह्या तुरीत सरकून राह्यला," गोपाळ म्हणे.

"दगडाले पाय हायेत काय बे?"

शेवटी गोपाळनं सरकारी मोजणी मागवली. तारीख मिळाली मंगळवारची.

घनश्यामराव गाफील नव्हते. पेरणीपासून रोज सकाळी ते एका ठरल्या जागी उभे राहून फोटो काढत होते. मागे धुऱ्यावरची बाभूळ, पुढे दगड. दगड जागचा हलला नाही, याचा पुरावा. तण काढायला डवरणी करताना बैलांनी वळणावर दगड कलंडवला, तर आधी स्वतःच्या हातानं तो नीट उभा करत, मगच फोटो. माणूस भांडखोर, पण टापटिपीचा.

सोमवारी सकाळी त्यांनी मोबाईल उघडला आणि घरात आरडाओरडा सुरू झाला. एकही फोटो नव्हता.

"काय केलं वं हे?"

त्यांच्या बायको तानाबाई भाकर थापत होत्या. "नातीच्या बारशाचा व्हिडिओ येऊन नव्हता राह्यला. जागा नाही म्हणे. म्हणून काढून टाकले."

"सारेच?"

"दोनशे दगडं होते त्याच्यात. माणूस एकबी नव्हता. माहा तरी एखादा असता, तर ठेवला असता."

घनश्यामराव आणखी मोठ्यानं ओरडले आणि राळेगावची एसटी धरून निघाले.

स्टँडजवळ राजदीपचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. तिथं स्टुलावर फुटकी काच बदलून घ्यायला कोण बसलेलं असावं? गोपाळ. परत फिरणं म्हणजे हार. घनश्यामराव आत शिरले, गोपाळकडे पाठ करून उभे राहिले आणि राजदीपच्या कानाशी पुटपुटले. त्यांचं पुटपुटणं स्टँडवरच्या चौकशी खिडकीपर्यंत ऐकू जातं.

"पुरावा गेला काय दादा?" गोपाळ म्हणाला. "अरेरे! आता मोजणीवाल्याले काय दाखवसान?"

"तू चूप बस. पोट्टा आता काढते बाहेर, मग पाह्यजो."

राजदीपनं मोबाईल घेतला, दोनदा बोट फिरवलं आणि म्हणाला, "काका, कायले एवढे घाबरून राह्यले? डिलीट केलेले फोटो तीस दिवस कचरापेटीतच पडून राह्यतेत. घ्या, आले सारेच्या सारे."

घनश्यामरावांची छाती फुलली. "दाखव याले! पेरणीपासून दाखव!"

राजदीपनं पेरणीच्या फोटोपासून अंगठा भराभर सरकवायला सुरुवात केली. एकाच जागेवरून काढलेले दोनशे फोटो एकामागून एक धावले आणि त्यांचा सिनेमा झाला. बाभूळ जागच्या जागी. दगड मात्र चालत होता. दर डवरणीनंतर एक इवलंसं पाऊल. पराटीकडून निघाला आणि शेवटच्या डवरणीपर्यंत गोपाळच्या तुरीत हातभर आत जाऊन उभा राहिला.

घनश्यामरावांनी स्वतःच्या हातांकडे पाहिलं. नीट उभा करताना हे हात दर वेळी थोडे तिकडे गेले होते. त्यांना न विचारता.

"पाय हायेत बरं दादा दगडाले," गोपाळ म्हणाला.

"डिलीट कर," घनश्यामराव म्हणाले.

"करतो काका. पण तीस दिवस—"

"मालूम हाय!"

मंगळवारी उजाडताच, मोजणीवाले यायच्या आधी, घनश्यामराव लोखंडी सब्बल घेऊन धुऱ्यावर गेले. दगड उपटला, शिव्या देत हातभर मागे आणला, पहिल्या फोटोत होता तिथं रोवला. घाम पुसून मान वर केली, तर बाभळीसमोर त्यांच्याच ठरल्या जागेवर गोपाळ मोबाईल धरून उभा.

"हालू नको दादा. आजपासून मी काढतो."

"काढ लेका," घनश्यामराव खेकसले. "पण मांगची बाभूळ येऊ दे त्याच्यात. नाही तं पुरावा कायचा?"